किल्ली की गुंडा

आमच्या शेजारच्या आबेलोनेनं बावन्न वर्षं एक किल्ली शोधली. मासळीच्या कारखान्यातली नोकरी, लग्न, नवऱ्याचं मरण, सगळं त्या शोधाच्या आजूबाजूनं होऊन गेलं. बोलता बोलता ती उठायची आणि एखाद्या फळीमागे हात घालून बघायची.

ती बारा वर्षांची असताना तिचा पाच वर्षांचा भाऊ लाउस्ट तिच्या हातून सुटून खाडीच्या बर्फाखाली गेला. आईनं त्याचं नाव पुन्हा कधी घेतलं नाही. त्याचे कपडे पेटीत ठेवून कुलूप लावलं. सात वर्षांनी मरताना मात्र ती आबेलोनेला म्हणाली, "ॲ नॉयले टोपलीत आहे. तू घे."

आमच्या डॅनिश बोलीत नॉयले म्हणजे किल्ली. टोपलीत किल्ली नव्हती. सुयांवरचं अर्धवट विणकाम आणि लोकर होती, ती तिनं न बघताच परत कोंबली.

"फोड ना ते कुलूप," मी एकदा म्हटलं.

"फोडलं तर मी घेतलं असं होईल. मला तिनं दिलेलं हवंय. माफ केलं की नाही, एवढंच कळू दे."

या फेब्रुवारीत माझी मुलगी सिग्ने आबेलोनेच्या स्वयंपाकघरात व्याकरण घोकत होती. "नॉयलेन, नॉयलेट..."

"दोन दोन कशाला गं?" आबेलोने हसली. "कोपनहेगनवाल्यांना एका शब्दात भागत नाही वाटतं?"

मी समजावून सांगितलं. पुस्तकी डॅनिशमध्ये शब्दाचं लिंग त्याच्या शेपटीवरून कळतं. नॉयलेन म्हणजे ती किल्ली, नॉयलेट म्हणजे तो लोकरीचा गुंडा. किल्लीचा शब्द पूर्वी 'ल'नं सुरू व्हायचा, तो बंद करण्यावरून आलेला. गुंड्याचा आला गाठीवरून. दोन वेगळ्या घरचे शब्द झिजत झिजत सारखे झाले. आपल्या पश्चिम किनाऱ्याच्या बोलीत तर शेपूटही नाही, आधी नुसता 'ॲ' लावायचा. मग काय ते ऐकणाऱ्यानं ओळखायचं.

आबेलोनेनं किटली खाली ठेवली. "आईला कुठल्या शेपट्या यायला," ती म्हणाली.

टोपली माळ्यावर होती. करडा गुंडा कसर लागून विरला होता, सुया गंजल्या होत्या. विणकाम तिनं तळहातावर पसरलं. मोजा होता तो, टाचेपर्यंत आलेला. सिग्नेची चार बोटंसुद्धा त्यात जेमतेम गेली. आई गेली तेव्हा मुलगा जाऊन सात वर्षं झाली होती, तरी मोज्याचं माप पाच वर्षांच्या पायाचंच होतं.

"म्हणजे तिनं तुला..." मी म्हटलं.

"तिनं त्याला पुन्हा माझ्याच हातात दिलं होतं गं. आणि मी त्याला टोपलीत टाकून किल्ली शोधत बसले." तिनं चष्मा लावला, खुर्ची खिडकीशी ओढली. "पाय गारठले असतील त्याचे. आता कोणी बोलू नका, टाके मोजतेय."

बाहेरून मुलांनी हाक मारली, "सिग्ने, चल, खाडी गोठलीये!"

मी तिचं मनगट धरलं.

"आई, दुखतंय."

मी सोडलं नाही.