चालू सर्व्हरचं उद्घाटन

आमच्या महाविद्यालयात बंद पडलेली वस्तू कोणी चालू करत नाही. चालू वस्तू मात्र उद्घाटनासाठी बंद केलेली मी डोळ्यांनी पाहिली आहे. तो राग अजून उतरलेला नाही.

सर्व्हर आमचा नव्हताच. नागपूरहून महिनाभरासाठी उसना आणला होता. शेजारच्या विभागातली प्राध्यापिका त्यावर आपल्या वैनगंगाकाठच्या गावचा धान अभ्यासत होती. पुरात दिवसचे दिवस बुडून राहतो, पाणी ओसरलं की पुन्हा उभा होतो, असा धान. त्याच्या डीएनएचे वाचून ठेवलेले लाखो तुकडे टोकाला टोक जुळवत संगणक सबंध नकाशा उभा करत होता. हे काम मध्येच तुटलं की पहिल्यापासून. ते संपत आलं होतं, आणि सर्व्हर परत जायची वेळही.

कार्यक्रमाच्या सकाळी प्राचार्य शिपायाला घेऊन आले आणि त्याला प्लग काढायला लावला.

"सर, बंद काऊन करून राह्यले? चालू आहे ना तो!"

"अवो बाई, चालूच असला तर पाहुणे काय चालू करतील?"

पाहुणे आले, उशिरा. नारळ फुटला. सर्व्हरला हळदकुंकू लागलं. पाहुण्यांनी बटण दाबलं, "झाला का नकाशा?" असं विचारलं आणि उत्तराची वाट न पाहता जेवायला गेले.

अहवाल मात्र हवाच होता. प्राचार्य म्हणाले, "तांदळाचा नकाशा जगात तयार आहे. त्यावरच आपले तुकडे बसवा. लवकर होते."

"अन् जे बसणार नाईत ते?"

"गाळा."

"सर, पुरात तगायचा गुण त्याच तुकड्यांत असला तर?"

"पाहुण्यांना काय समजते त्यातलं?"

तिनं नकार दिला. मग प्राचार्यांनी ते दुसऱ्याकडून करवून घेतलं. गुळगुळीत मुखपृष्ठावर पाहुणे, आत आमच्या धानाच्या नावाखाली भलताच तांदूळ. तिनं आपलं नाव काढायला लावलं. ते मात्र तत्परतेनं निघालं.

सर्व्हर न्यायला गाडी आली, तेव्हा तुकड्यांची डिस्क पिशवीत घालून ती ड्रायव्हरशेजारी जाऊन बसली. त्या खोलीत आता रिकामं टेबल आहे आणि भिंतीवर पाहुण्यांच्या नावाची संगमरवरी पाटी.

संध्याकाळी नागपूरहून तिचा फोन आला. "भाऊ, पहिल्यापासून लावलं. इथी अजून कोणी नारळ घेऊन आलं नाई."