ओट्यावरची मुकी मानसं
सासू, दीर, भगत आन मी, त्या दुपारी देवगावच्या घरात एवढीच मानसं व्हती. मोतीबिंदूनं सासूची नजर गेली व्हती, आन तिला रिकाम्या ओट्यावर लग्नाचे वऱ्हाडी दिसाया लागले व्हते. "सूनबाई, च्या टाक की, पाव्हणे कवाचे बसलेत!" "आत्याबाई, बोलतात का ते?" "नाय गं, मुकेच हायेत मेले." दीर म्हनला, "भानामती हाय." भगतानं मिरच्यांची धुरी केली. मीच तिचं डोकं धुरावर दाबून धरलं. "सोड गं बाई," म्हनत व्हती. पुढं तिला औरंगाबादला नेलं, तवा डॉक्टरीणबाई म्हनल्या, "नजर गेली की कधीकधी मेंदूच चित्रं दाखवतो. म्हातारी शहाणी आहे." आजबी तव्यावर मिरची जळाली की मला घरात बसवत नाय. तुमच्या म्हाताऱ्या मानसाला असं काय दिसलं, तर त्याला आधी डॉक्टरकडं न्या.