‘कार्ड करप्ट आहे’ म्हटलं की...

सावेडीत माझं मेमरी कार्ड दुरुस्तीचं टेबल आहे. कार्डं येतात, बरी होऊन जातात. त्यांच्यासोबत आलेले किस्से मात्र इथेच मुक्काम ठोकतात. दुपारी पंखा मंद फिरायला लागला की डोळ्यांपुढून तरंगत जातात. हे काम मला कुणी शिकवलं नाही, माझं मी शिकले. त्यामुळे शंका घेतलेली खपवून घेत नाही!

एक साहेब मला टेबलामागे बघून म्हणाले, “आजी, रिपेअरवाले कुठे गेलेत?”

“समोर बसलेत. आधी चष्मा पुसा!”

०

राहात्याच्या एका बागाईतदारांना म्हटलं, “कार्ड करप्ट आहे.” ताडकन उठले!

“ओ मावशी, आमच्या घरात कुनी फुकटचा च्यासुदिक घेत न्हाई!”

०

एका बाईंनी लेकीच्या लग्नाच्या शूटिंगचं कार्ड देव्हाऱ्यात ठेवलेलं. रोज हळदकुंकू! कार्डाच्या सोनेरी पट्ट्या पार माखलेल्या. खोडरबराने हलकेच घासल्या, तर सनई सुरू.

“बघा, देवानं राखलं!”

“देवानं राखलं, मी पुसलं!”

०

भंडारदऱ्याची एक पोरगी आली. तिच्या कार्डातले उडालेले फोटो परत आणले, तर सगळे पांढरेफटक. मी हट्टाने पुन्हा आणले, पुन्हा तेच. ती मात्र हरखून बघत होती.

“मावशी, धुकंच काढलं हुतं मी!”

०

पाथर्डीकडचे एक अण्णा बायकोला घेऊन आले. काकूंना विसर पडत चाललेला, नवराही ओळखू येईना. लग्नाचा फोटो दाखवला की तेवढ्यापुरतं ओळखायच्या. भिंतीवरचा फोटो वाळवीने खाल्ला. त्याआधी मोबाईलवर काढून ठेवलेला तेवढा उरला होता. आणि आता कार्डच उघडेना.

“तेवढा एक द्या काढून, ताई. घरात परका झालोय मी.”

दुसऱ्या मोबाईलमध्ये घातलं, कॉम्प्युटरला लावलं, हरवलेल्या फाईली शोधणारं सॉफ्टवेअर चालवलं. आला फोटो, पण अर्धाच! मुंडावळ्या बांधलेली नवरी स्पष्ट. शेजारी नवऱ्याच्या जागी नुसता करडा पट्टा.

अण्णा मटकन स्टुलावर बसले.

काकूंनी स्क्रीन जवळ ओढली. बघत राहिल्या, बघत राहिल्या. मग वळून अण्णांवर कडाडल्या,

“अवो, तुमी हितं काय बसलात? माझ्या शेजारची जागा मोकळी हाय. उभं ऱ्हावा की, फोटोवाला खोळंबलाय!”