आकाशातल्या काळ्या पायऱ्या

चौदा एप्रिलच्या मिरवणुकीत आमच्या मंडळाची झाकी ठरलेली असायची. ट्रकवर पुठ्ठ्याचा स्तूप, मधे पुतळा, दोन्ही बाजूंना पांढऱ्या साड्या नेसलेल्या मुली. मी बी.एस्सी. झाले त्या वर्षी मंडळातली मोठी माणसं म्हणाली, या वेळी पोरगी सांगेल तसं करू. आमच्या घरात माझ्याआधी कोणी कॉलेजात गेलं नव्हतं. सेक्टर ६ मधल्या आमच्या क्वार्टरांच्या ओळीतही मुलींमध्ये मी पहिलीच. बाबा पोलाद कारखान्याच्या रेल मिलमध्ये, रूळ बनतात तिथे, कामाला होते. त्यांनी मला कशा कष्टाने शिकवलं ते मला ठाऊक आहे, आणि म्हणूनच पुढचं लिहिताना अजूनही हात अडखळतो.

ती नव्वदीच्या दशकाची मधली वर्षं. अवकाशात सोडलेल्या मोठ्या दुर्बिणीने काढलेले रंगीत फोटो तेव्हा कुठे इंग्रजी मासिकांतून आमच्यापर्यंत पोचू लागले होते. दुर्गच्या कॉलेजात आम्हाला भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या सरांनी मला असंच एक पान दिलं होतं. गरुड तेजोमेघाचं. वायू आणि धुळीचे तीन उंच खांब, मागे हिरवट निळा उजेड, आणि त्या धुळीच्या टोकांवर तारे जन्माला येत आहेत. ते पान मी कपाटाच्या दाराला आतून चिकटवलं होतं. मला झाकीत तेच करायचं होतं.

"जयंतीले आकाश कायले?" मंडळाचे जुने सेक्रेटरी म्हणाले. ते आमचे शेजारी, मी त्यांना काका म्हणायचे.

मी विहारातल्या त्या बैठकीत उभी राहून बोलले. म्हटलं, काका, तारा कसा जन्मतो ते लोकांना दिसू द्या. तिथे कोणी देव नाही, कुंडली नाही. धूळ आहे, ओढ आहे, आणि पुष्कळ वेळ आहे. कोणी सांगितलं म्हणून मानायचं नाही, असं आपणच म्हणतो ना? बायकांनी टाळ्या वाजवल्या. बाबा मागच्या रांगेत बसले होते. ते टाळ्या वाजवत नव्हते, नुसते आजूबाजूच्या लोकांकडे बघत होते.

बांबूचा सांगाडा झाला, त्यावर जाळी, जाळीवर गादीवाल्याकडून आणलेला कापूस. आमच्या ओळीतला एक पेंटर, जो एरवी ट्रकच्या मागे शेर लिहायचा, त्याने कापसाला रंग दिला. मागून बल्ब लावले तेव्हा ते खांब खरोखर पेटल्यासारखे दिसू लागले. सगळं मासिकातल्या पानाबरहुकूम. मी पानावर चौकोन आखून दिले होते.

त्या फोटोच्या वरच्या उजव्या कोपऱ्यात एक काळा भाग होता. सरळ कडेचा नव्हे, पायऱ्या-पायऱ्यांनी कापल्यासारखा. पेंटर म्हणाला, "ताई, हा कोपरा रिकामा कावून ठेवता? चार तारे टाकून देतो. भकास दिसून राहिला."

फोटोखाली त्या कोपऱ्याबद्दल एक अक्षर नव्हतं. मला माहीत नव्हतं. पण पेंटर, त्याची दोन पोरं, चहा घेऊन आलेल्या बायका, सगळे माझ्याकडे बघत होते. मी म्हटलं, "नाही दादा, तो तसाच ठेवा. तिथला उजेड अजून पृथ्वीवर पोचलाच नाही. वाटेत आहे."

हे वाक्य मी त्या क्षणी बनवलं. बोलून झाल्यावर मलाच ते फार आवडलं. पेंटरने पुठ्ठा कापून, त्याला काळं कापड लावून नीट पायऱ्या केल्या.

मिरवणुकीच्या दिवशी बाबांनी परीटघडीचा पांढरा सदरा घातला आणि हातात वेळूची काठी घेतली. ट्रक थांबला की ते काठीने कोपरा दाखवायचे. खांबांबद्दल ते फारसं बोलत नसत. त्यांना तो कोपराच भावला होता. "हे पहा, इथला उजेड निघाला हाये, पण आपल्यापाशी पोचला नाई. रस्त्यात हाये." हिंदीवाल्यांना हिंदीत सांगायचे, "उजाला रस्ते में है, भाई."

एका आजीने विचारलं, "मंग तो आला की आमाले समजन का रे?"

"आमची पोरगी हाये नं सांगाले," बाबा म्हणाले. लोक हसले आणि आजीने माझ्या गालावरून हात फिरवला.

त्यांच्या मिलचे साहेब मोटारीतून चालले होते, तेही गर्दीत अडकून थांबले. बाबा काच खाली करवून त्यांनाही सांगून आले.

पुढच्या आठवड्यात मी झाकीचा फोटो घेऊन दुर्गला गेले. सरांनी तो डोळ्यांजवळ धरला, खूष झाले. मग विचारलं, "और ये सीढ़ी क्यों बनाई?"

मी तेच वाक्य हिंदीत म्हणून दाखवलं. सर हसले नाहीत, त्यामुळे जास्त लागलं. "बेटी, ये सीढ़ी आसमान में नहीं है," ते म्हणाले. "कैमरे में है।" मग त्यांनी कागदावर काढून दाखवलं. त्या दुर्बिणीतल्या कॅमेऱ्याचे चार भाग. तीन सारखे. चौथा आकाशाकडे अधिक जवळून बघणारा, म्हणून लहानच तुकडा टिपणारा. चारही चित्रं एका मापात आणून जोडली की चौथं आक्रसतं, आणि त्या कोपऱ्यात पायऱ्यांसारखी जागा रिकामी राहते. आकाशात तिथे तारे आहेतच. फक्त फोटोत आलेले नाहीत.

बसमध्ये मी ठरवलं, गप्प बसायचं. झाकी मोडली होती, कापूस गादीवाल्याकडे परत गेला होता. कोण विचारणार होतं?

घरी पोचले तर नागपूरहून आतेमामा, म्हणजे आत्याचे यजमान, आलेले, आणि बाबा कपाट उघडून पानावर बोट ठेवून सांगत होते, "इथला उजेड पोचला नाई." मामा मान डोलावत होते. मी चहा ठेवायला आत गेले. गॅस पेटवला आणि तशीच उभी राहिले.

मामा गेल्यावर मी बाबांना सगळं सांगितलं. त्यांनी पानावरच्या त्या कोपऱ्यावर बोट ठेवलं.

"म्हणजे तिथं तारे हायेत?"

"हो."

"मंग तुले कोनी सांगतलं होतं, उजेड नाई पोचला म्हनून?"

"कोनी नाई, बाबा. मले वाटलं."

"वाटलं," ते म्हणाले. रागावले असते तर बरं झालं असतं. त्यांनी फक्त तो शब्द एकदा म्हणून बघितला.

दुसऱ्या दिवसापासून ते सांगत सुटले. मिलमध्ये चहाच्या सुट्टीत सांगितलं. शेजारी सांगितलं. मी म्हटलं, "बाबा, कावून सांगून राहिले सगळ्यांले? लोक विसरतीन." ते म्हणाले, "मी सांगतलं होतं नं. विसरले तर त्यांची मर्जी."

रविवारी विहारात वंदना झाल्यावर ते उभे राहिले. मी बायकांमध्ये बसले होते. त्यांनी हातवारे करून कॅमेऱ्याचे चार भाग समजावले, मधे चुकले, पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं. मी पदराच्या काठाशी चाळा करत होते. सेक्रेटरी काका मोठ्याने म्हणाले, "म्हनून म्हनत होतो, आपला स्तूप बरा होता! त्याच्यात कोपराच नाई!" सगळे हसले. बाबाही हसले. मला हसता आलं नाही. याच जागी उभं राहून मी लोकांना सांगितलं होतं, कोणी म्हटलं म्हणून मानू नका. आणि मग मी म्हटलं, आणि त्यांनी मानलं.

त्याच संध्याकाळी बाबा म्हणाले, "साहेबांकडे जाऊ. चाल तू बी." आम्ही दोघं आपापल्या सायकलींवर सेक्टर १० ला गेलो. साहेबांच्या बैठकीत पंखा होता, गुबगुबीत सोफा होता. बाबा सोफ्याच्या अगदी कडेला बसले.

"साहब, उस दिन जुलूस में हमने आपको गलत बताया था। वो काली सीढ़ी का."

"कौन सी सीढ़ी?" साहेब म्हणाले. मग आठवल्यासारखं करून, "हाँ हाँ, वो ट्रक! बहुत बढ़िया लाइटिंग थी।"

त्यांनी काहीच ऐकलं नव्हतं. माझा जीव भांड्यात पडला. तेवढ्यात मी बाबांचा चेहरा पाहिला, आणि सुटका वाटल्याचीच लाज वाटली. तरीही बाबांनी सुरुवात केली, उजेडापासून. चार भागांपर्यंत आले आणि अडले. माझ्याकडे बघू लागले.

"मुझे मालूम नहीं था, सर," मी म्हटलं. "मैंने अपने मन से बता दिया था।" आवाज इतका बारीक निघाला की साहेबांना पुन्हा विचारावं लागलं. मी पुन्हा सांगितलं.

"अरे, इसमें क्या है," ते म्हणाले. "चाय लीजिए।"

बाहेर येऊन बाबांनी सायकलीचं कुलूप काढलं. "यानं ऐकलंच नव्हतं," ते म्हणाले. "चाला, चुकीचं तरी नाई शिकला." मग थोडं थांबून, "हुडको कॉलनीतला तो किराणावाला राह्यला. मिरवणुकीत त्यानं दोनदा विचारलं होतं. पोरालेबी दाखवाले घेऊन आला होता."

मी म्हटलं, त्याच्याकडे मी बोलते, तुम्ही नुसते उभे राहा. बाबांनी सायकल हुडकोच्या रस्त्याला वळवली, आणि पहिल्यांदाच मला पुढे जाऊ दिलं.