कोशात नसलेलं नाव

मास्तरकी संपली तरी गोव्यातल्या आमच्या पार्से गावात बारशाआधी नावाचा अर्थ तपासायला लोक माझ्याकडेच येतात. शेजारीण नातीसाठी मोबाइलवरचं नाव घेऊन आली. तिथं लिहिलं होतं, ‘संस्कृत, पहाटेचा किरण.’ मी तीन कोश पालथे घातले. असा शब्दच नाही! माझं डोकं फिरलं. ‘हे कुणीतरी मनानं रचलंय,’ मी म्हणालो.

ती शांतपणे म्हणाली, ‘मास्तर, देवान उजवो कौल दिला. आता तुमचो कोश कित्याक?’

देवळात कौल लावून, उजवा म्हणजे देवाचा होकार मिळाल्यावर, ती केवळ रीत म्हणून माझ्याकडे आली होती. बारशाला मी गेलो, पण तोंड फुगवूनच.

परवा तीच पोर अंगणात खेळायला आली. आता चार वर्षांची आहे. मी मुद्दाम तिच्या नावाचा अर्थ विचारला.

‘हांव!’ छातीवर हात ठेवून ती म्हणाली. म्हणजे मी.

कोशाच्या कोऱ्या पानावर मी ते नाव लिहिलं, आणि पुढं तिचाच अर्थ.