जयेशच्या खाडीतल्या चाळीस होड्या

"अरे, या होड्या आपसात भांडल्यात काय? चाळीस होड्या आणि चाळीस दिशांना तोंडं!"

भगवानकाका असे ओरडले की दमणच्या बाजूने जाणाऱ्या दोन गलबतांनी घाबरून नांगर टाकले, हे मी शपथेवर सांगतो. काका धाकट्या डहाणूतले जुने तांडेल, जन्मभर होडीवर हुकूम सोडलेला माणूस. पण या होड्या पाण्यात नव्हत्याच. त्या त्यांच्या मुलाच्या, जयेशच्या, कॉम्प्युटरमध्ये होत्या.

जयेश माझा शाळेपासूनचा दोस्त. सिनेमात दिसणारे डोंगर, किल्ले, समुद्र तो खोलीत बसून बनवतो. एकदा जेवणाआधी त्याने अख्खा हिमालय उभा केला होता. भात निवतोय म्हणून आई ओरडली, तेव्हा कैलास अर्धा टाकून पानावर आला. त्याचं म्हणणं एकच, "थोडं बिघडव रे, म्हणजे खरं वाटतं." त्यासाठी मोबाइल घेऊन गंजलेले पत्रे, भेगाळलेला चिखल टिपत हिंडायचा. एका आजीच्या पोपडे सुटलेल्या भिंतीचे त्याने इतके फोटो काढले, की घरकुल मंजूर झालं समजून तिने त्याला चहा पाजला. चहा पिऊन हा वर तिलाच बजावतो, "भिंत रंगवू नका हं, आजी!"

त्या दुपारी मात्र गंमत नव्हती. कंपनीची अट होती : हा खाडीचा शॉट दिग्दर्शकांना पटला तर घरून काम कर, नाहीतर सोमवारपासून मुंबईच्या ऑफिसात ये. व्हिडिओ कॉलवर दिग्दर्शक नुकतेच "सुंदर" म्हणाले होते, तेवढ्यात आम्हा दोघांच्या मागे काका येऊन ओरडले.

"हे कोण?" दिग्दर्शकांनी विचारलं.

जयेशचा चेहरा वाळत घातलेल्या बोंबलासारखा झाला. "वडील आहेत, सर. बाबा, मी मुद्दाम बिघडवलंय. सगळ्या एका दिशेला ठेवल्या तर खोटं दिसतं."

"खोटं? नांगरावरची होडी पाण्याच्या ओढीसमोर तोंड करते. तुझी भरती चढतेय ना? मग सगळ्यांची तोंडं दर्याकडे! बिघडवण्याआधी पाण्याला विचारलंस काय?"

पलीकडे दिग्दर्शक पुढे वाकून एकेक होडी निरखू लागले. मी मनातल्या मनात जयेशची बॅग भरून, कुलूपही लावून टाकलं.

शेवटी दिग्दर्शक म्हणाले, "काका सांगतात तसं करा. चार वाजता परत दाखवा."

जयेश होड्या वळवायला बसला आणि काका शेजारी खुर्ची ओढून प्रत्येकीला हुकूम सोडू लागले, "ती निळी, अजून जरा! बस, बस!" चारला खाडी पडद्यावर आली तेव्हा मला खारा वास आला, तुम्ही मानू नका, पण आला. शॉट मंजूर! जयेशने उडी मारली ती थेट माझ्या अंगठ्यावर.

"बाबा, राहिलो! आता इथेच, घरी!"

काका उठले. चप्पल पायात सरकवत म्हणाले, "मग दार लावत जा. मांजर आत येते."