जावईबापूंनी हलका केलेला कॉम्प्युटर

तिला सगळे ‘तोफ’ म्हणत. अर्थात पाठीमागे, तोंडावर ‘ताई’. कानाच्या मशिनचं केंद्र चालवणाऱ्या बाईचा आवाज मोठा असायचाच, अशी नवखी माणसं समजूत करून घेत. जुन्यांना मात्र माहीत होतं, की ज्यांना कमी ऐकू येतं त्यांच्याशी ती हळू बोलते, समोर बसून, ओठ दिसतील असं. आवाज चढतो तो धडधाकट कानांच्या माणसांवर. “ऐकू येऊनही जे ऐकत नाहीत, त्यांच्यासाठी माझ्याकडे मशिन नाही,” असं ती म्हणे.

केंद्र म्हणजे औषधांच्या दुकानावरच्या दोन खोल्या. आतली तिची: तपासणीची आवाजबंद केबिन, टेबल, कॉम्प्युटर आणि बारीक तारांचा गुंता. बाहेरची तिच्या थोरल्या भावाची: फोन, खुर्च्या, पाण्याचं पिंप आणि येणाऱ्या प्रत्येकाची विचारपूस. जागा दादाची, शिक्षण तिचं, आणि दोघांचं बरं चाललं होतं. दादाचं एकच दुखणं होतं. त्याला आपल्या जावयाचं भारी कौतुक.

जावईबापू एका मोठ्या कंपनीत माल विकायचं काम करत. पण कुणाचा मोबाइल, टीव्ही, पाण्याची मोटर, काहीही अडलं की बाह्या सरसावून पुढे. चालू झालं तर त्यांच्यामुळे, बंद पडलं तर “माल मुळातच हलका होता.”

एका शनिवारी संध्याकाळी तोफ लवकर घरी गेली होती. जावई सासऱ्यांना न्यायला आले, तर दादा आतल्या कॉम्प्युटरवर काहीतरी उघडायची वाट बघत बसलेला.

“काय हो हे, बैलगाडी आहे का?” म्हणून जावई खुर्चीवर बसले. त्यांना एक फोल्डर सापडलं. कुठल्याच एका प्रोग्रामच्या नावाचं नव्हतं, आणि आत शेकडो अगम्य नावांच्या फायली. “बेवारशी पसारा!” त्यांनी सगळं पुसलं. वर कचऱ्याची टोपलीही रिकामी केली. दादानं खाली जाऊन चहा सांगितला.

सोमवारी सकाळी एक आई आपल्या चार वर्षांच्या मुलीला घेऊन आली. मुलीचं मशिन तयार होऊन आलं होतं, गुलाबी, शेंगदाण्याएवढं. ते तारेनं कॉम्प्युटरला जोडायचं, मुलीच्या तपासणीप्रमाणे आवाज बसवायचा, की झालं. मुलगी आईच्या मांडीवर बसून मशिनकडे टक लावून बघत होती.

तोफेनं प्रोग्राम उघडला. पडद्यावर चौकट आली: अमुक नावाची डीएलएल फाईल सापडत नाही, त्यामुळे प्रोग्राम सुरू करता येत नाही. तिनं तपासणीचा प्रोग्राम उघडून पाहिला. तीच चौकट, तीच फाईल.

“दादा! माझ्या कॉम्प्युटरला कोणी हात लावला?”

दादानं सांगितलं, पण सांगता सांगता जावयांना फोनही लावला. ते जवळच कुठेतरी होते, लगेच आले. तोफ त्या आईला बाहेर बसवून, पाणी देऊन परत येते तो काय, जावई तिच्या खुर्चीत! पडद्यावर कुठली कुठली जाहिरात नाचत होती.

“हे काय चाललंय?”

“ती फाईल उतरवली, आत्या. नेटवर फुकट मिळते. आता प्रोग्राम दुसरी मागतोय. ती टाकली की संपलं.”

“कुणाच्या साइटवरून?”

“असते हो कुणाची तरी.”

“रस्त्यात पडलेली गोळी उचलून पेशंटच्या तोंडात घालाल का तुम्ही?”

“तुम्ही उगाच तापताय. फाईल ती फाईल.”

“फाईल ती फाईल? चार बिऱ्हाडांचा एकच जिना असतो, तशी सगळ्या प्रोग्रामांची सामाईक फाईल होती ती. कुणा एकाची नाही म्हणून बेवारशी? तुम्ही जिना पाडलात, आणि आता कुठलीही शिडी आणून लावताय! त्या चौकटीत खाली काय लिहिलंय ते तरी वाचलंत? प्रोग्राम पुन्हा बसवा, असं लिहिलंय. स्वच्छ!”

जावयांनी वाचलं नव्हतं. चौकट आली की ‘ओके’ दाबायची, एवढंच त्यांना ठाऊक. त्यांचा चेहरा पडला. दादा मध्ये पडला.

“अगं, जावई आहेत. आवाज खाली.”

“जावई आहेत म्हणून कॉम्प्युटर लाजून चालू होणार आहे का?”

एवढ्यात ती आई मुलीला कडेवर घेऊन दारात आली. “होतंय ना आज?”

“कंपनीकडूनच बिघाड आहे, बाई,” दादा घाईघाईनं म्हणाला. “आमचा नाइलाज आहे.”

तोफ त्या आईकडे वळली. “खोटं आहे,” ती म्हणाली. “आमच्याच घरच्या माणसानं न विचारता फायली पुसल्या. आज नाही होणार.”

“मी खाडा करून आलेय,” ती आई म्हणाली. “दोन बस बदलून. हिला सांगितलं होतं, आज तुला सगळं ऐकू येईल. तिनं माझे ओठ वाचलेत. आता तिला काय सांगू? तुमच्या घरातल्या शहाणपणाची शिक्षा माझ्या पोरीला कशाला?”

त्या बाईचं तसूभरही चुकत नव्हतं. तोफ म्हणाली, “तुम्ही परत येऊ नका. मी तुमच्या घरी येते.”

तोफेनं मशिनच्या कंपनीच्या मदत-केंद्राला फोन लावला. तिथली मुलगी आधी पाठ केलेलं बोलत होती: बंद करून चालू करा, वायर तपासा. नेटवरून फाईल टाकलीय हे कळल्यावर ती थबकली. “ताई, तो कॉम्प्युटर आता नेटपासून तोडा. तुमच्या माहितीची प्रत आहे का कुठे?”

प्रत होती, पण जुनी. मधल्या महिन्यांतल्या तपासण्या फक्त त्या कॉम्प्युटरवर होत्या, आणि जावयांच्या फुकटच्या फायलीनं आत शिरून त्या कुणालाच उघडता येणार नाहीत अशा कुलपात घातल्या होत्या. त्या गेल्याच. कॉम्प्युटर मुळापासून पुसावा लागला. मग ती मुलगी फोनवर सांगत गेली आणि तोफ करत गेली: सगळे प्रोग्राम कंपनीच्या मूळ साइटवरून पुन्हा बसवले. सामाईक फायली त्यांच्यासोबत आपसूक जागेवर आल्या. एकही वेगळी शोधावी लागली नाही. हे कळल्यावर तर तिचं डोकं जास्तच फिरलं. सोमवारी सकाळीच हे केलं असतं, तर काहीही गेलं नसतं.

त्या आठवड्यात दादा तिच्याशी बोलला नाही. परक्या बाईसमोर जावयाची अब्रू काढली, हे त्याला लागलं होतं. भाची मात्र केंद्रावर आली. तोफेला वाटलं, नवऱ्याची बाजू घेऊन भांडायला आली असेल.

“आत्या, माझाही लॅपटॉप त्यांनी असाच हलका केला होता,” भाची म्हणाली. “कॉलेजपासूनची माझी सगळी चित्रं गेली. म्हणाले, एवढं काय त्यात, पुन्हा काढ.”

“मग तू काय म्हणालीस?”

“काही नाही.”

“काही नाही? का काही नाही?” खाली औषधांच्या दुकानातलं गिऱ्हाईक वर बघायला लागलं. “मला कशाला सांगतेस? त्याला सांग! जोरात सांग!”

भाची रडली नाही. पर्स उचलून तरातरा जिना उतरून गेली. त्या रविवारी दादाकडच्या जेवणाला जावई एकटेच आले, आणि लवकर उठून गेले.

आपल्या लॅपटॉपवर प्रोग्राम बसवून तोफ ठरल्या दिवशी त्या मुलीच्या घरी गेली. एकच खोली, ओट्यावर भांडी निथळत होती. आईनं “या” म्हटलं, पण कपाळावरची आठी तशीच. मुलीला मांडीवर घेऊन तोफेनं मशिन कानामागे बसवलं, आईजवळच्या तपासणीच्या कागदाप्रमाणे आवाज अगदी खालून वर आणत नेला. आईच्या हातून झाकण पडलं. मुलगी दचकली, भोकाड पसरून रडली, आणि मग स्वतःचं रडणं ऐकून एकदम गप्प झाली. तोंडावर हात ठेवला, काढला, परत “आ” करून पाहिलं.

आईनं पडलेलं झाकण उचलून ओट्यावर ठेवलं. म्हणाली, “चहा टाकते.” आठी काही गेली नव्हती. तोफेनं चहा घेतला.

परत आली तेव्हा दादा फोनवर होता. ज्यांच्या तपासण्या गेल्या, त्या एकेकाला तो पुन्हा बोलावत होता. “नाही, कंपनीची नाही,” तो पलीकडच्याला सांगत होता. “चूक आमच्या घरातलीच आहे. माझ्या डोळ्यांदेखत झाली.” तिला बघून त्यानं पाठ फिरवली आणि पुढचा नंबर लावला.

जावयांनी माफी मागितली नाही. अजूनही ती दिसली की ते फोनवर बोलायचं सोंग करतात. तोफेनंही त्यांना माफ केलेलं नाही, आणि करायचा तिचा विचारही नाही.